लवू शिवलकराचा जर्मन

"मी नाव कोणाचा घेत नाय. हाय तसा सांगतंय."

लवू शिवलकर दिवसातून दहा वेळा हे म्हणायचा. भरतीची वेळ सांगताना म्हणायचा, कोणाच्या घरच्या आमटीत मीठ नव्हतं ते सांगताना म्हणायचा, आणि म्हणून झालं की मान खाली घालून पुन्हा सुपारी कातरायला लागायचा. त्याच्यापुरती ती गोष्ट तिथे संपायची. ऐकणाऱ्याची मात्र तिथून सुरू व्हायची. नाव घेतलं नाही म्हणजे कोणाचं घेतलं नाही? घरी पोचेपर्यंत माणूस तेवढाच विचार करत जायचा.

आमची वाडी भाट्याच्या पुलावरून उतरलं की डाव्या अंगाला. सतरा घरं. पुढे खाडी, मागे कातळ, मध्ये माडांची एक पट्टी. कोणाकडे पाहुणा आला तर त्याचा चहा होण्याआधी तो कोण आणि कशाला आला हे सतराव्या घराला कळलेलं असतं. पण तोंडावर कोणी विचारत नाही. "काय, बरा हाय ना?" एवढंच विचारतात आणि डोळे त्याच्या पिशवीवर ठेवतात. अशा वाडीत लवू शिवलकर छप्पन्न वर्षांचा होऊन परत आला, चौऱ्याऐंशीच्या दिवाळीत.

सतराव्या वर्षी तो घरातून निघाला होता. आधी मुंबईची गोदी, मग किनाऱ्याकिनाऱ्याने जाणाऱ्या बोटी, आणि शेवटची सव्वीस वर्षं हँबुर्गच्या एका कंपनीच्या मालबोटीवर. तिथे तो अधिकाऱ्यांच्या जेवणघरात वाढपी होता. पांढरा सदरा घालून, हातात ताट घेऊन खुर्चीच्या मागे उभं राहायचं. खुर्चीच्या मागच्या माणसाला कान असतात हे बसलेल्याच्या लक्षात राहत नाही. त्या सव्वीस वर्षांत लवू जर्मन भाषा शिकला ती अशी, ताटं वाढता वाढता. पुस्तक त्याने कधी उघडलं नाही. पण कप्तानाची बायको कप्तानाला काय म्हणाली आणि कप्तानाने ते पाहुण्यांना कसं सांगितलं, यातला फरक त्याला कळायला लागला होता.

लग्न त्याने केलं नव्हतं. का, म्हणून विचारलं तर सांगायचा, "एक बगितली व्हती. तिना नको म्हटला." आमच्याकडे अशी गोष्ट कोणी सांगत नाही. पत्रिका जमली नाही म्हणतात, आईचं आजारपण म्हणतात. लवू सरळ सांगायचा आणि ऐकणाऱ्यालाच लाज वाटायची. जेवायला बसवलं आणि "आणखी घ्या" म्हटलं तर तो टोपात डोकावून म्हणायचा, "नको, तुमच्यापुरता हाय तेवढाच." यजमानीण तिथल्या तिथे लाल व्हायची. माणूस वाईट नव्हता. पण असा माणूस घरात आला की आपण कुठे काय झाकायचं राहिलंय ते घर चाचपू लागतं.

घरी त्याची धाकटी बहीण सोनूबाई होती आणि सोनूबाईची मुलगी मालन. सोनूबाईचा नवरा नाटे बंदरातल्या एका मच्छीमार होडीवर होता. एका वादळी वाऱ्यात होडी परत आली, तो आला नाही. प्रेतही मिळालं नाही. तेव्हापासून वाडी दोन तऱ्हेने बोलायची. सोनूबाईसमोर बोलायची की बिचारा बुडाला, आणि तिची पाठ वळली की बोलायची, बुडाला कशावरून? मुंबईत दुसरा संसार मांडला नसेल कशावरून? या "कशावरून"ने मालनच्या दोन सोयरिकी मोडल्या होत्या. मुलगी मॅट्रिक झालेली, हाताने नेटकी, आणि चोवीस पुरी होत आली होती. तिसरी मोडली असती तर चौथी आली नसती. हे सोनूबाईला ठाऊक होतं, लवूला होतं, आणि वाडीला तर होतंच.

ही तिसरी सोयरीक रावजी पिलणकरांच्या घरची होती. मुलगा आत्माराम, मिरजोळ्याच्या औद्योगिक वसाहतीत एका कारखान्यात गोदाम सांभाळायचा. शांत मुलगा. मालनला तो आवडला होता. ती बोलली नाही, पण त्याचं नाव निघालं की विळीवर नारळ खवणारा तिचा हात मंद व्हायचा. माघात सुपारी फुटली, वैशाखाची तारीख ठरली.

रावजीभाऊ म्हणजे आमच्या वाडीची इज्जत. कचेरीत तीस वर्षं कारकुनी करून हेडक्लार्क म्हणून निवृत्त झालेले. देवस्थान समितीचे अध्यक्ष तेच, दारूबंदी समितीचेही तेच. दारावर पितळी पाटी, पडवीला लोखंडी जाळी, जाळीला आतून पडदा. टेलिफोनची लाइन अजून वाडीत यायची होती, पण यंत्र त्यांनी आणून ठेवलं होतं आणि त्यावर भरतकामाचा रुमाल घातला होता. त्यांना दमा होता. त्यासाठी एका तपकिरी बाटलीत काढा असायचा. तासाला चमचा. रावजीभाऊ खोकले की त्यांची बायको गंगूबाई कापडी पिशवीतून बाटली आणि चमचा काढायची. लग्नात, सभेत, देवळात, कुठेही. त्या काढ्याचा वास आम्हाला ओळखू येत नव्हता असं नाही. ज्यांच्या आजोबांनी माडावर चढून माडी काढली त्या वाडीला वास कोणी शिकवायला नको. पण काढा म्हटलं की काढा. आम्ही तब्येतीची चौकशी करायचो.

लवूने बोटीवरून एक टीव्ही आणला होता, एक व्हिडिओ आणला होता आणि एक पत्र्याची ट्रंक. त्या ट्रंकेत काय आहे यावर वाडीने दोन महिने तर्क केले. उघडली तेव्हा निघाले सहा पांढरे सदरे, मासे साफ करायची एक सुरी आणि जर्मन वर्तमानपत्रात गुंडाळलेल्या चार कॅसेटी. मग संशय कॅसेटींवर गेला. परदेशी कॅसेट म्हणजे काय असणार हे त्या दिवसांत प्रत्येक बाप्याला ठाऊक होतं आणि ठाऊक आहे हे कोणीच कबूल करत नव्हतं. लवूने एका रविवारी दुपारी बघायला बोलावलं तेव्हा बायकांना घरी ठेवून आम्ही बाप्येच तेवढे गेलो. दार ओढून घेतलं. आणि समोर काय, तर एक गोरा म्हातारा, त्याची बायको, अंगभर कपडे, आणि टेबलावर कॉफी.

"ह्या काय रं?" शेजारचा रघू म्हणाला. त्याचा पुरता हिरमोड झाला होता.

"नाटक हाय," लवू म्हणाला. "तिकडच्या टीव्हीवर दर आठवड्याला लागायचा. बोटीवरच्या इंजिनेरानं उतरवून घेतला, मी निघालो तवा मना दिला. तिकडची सभ्य मानसा हायत ही. दारात एक बोलतात, दार लावला का दुसरा."

"आनि हसतंय कोण?"

कारण हसणं ऐकू येत होतं. म्हाताऱ्याने पाहुण्याला मिठी मारून निरोप दिला, दार लावलं, बायकोकडे बघून काही पुटपुटला, की पन्नास माणसं एकदम हसायची. ती माणसं दिसत नव्हती. त्या घरात तर म्हातारा आणि म्हातारी दोघंच. त्यांनाही ते हसणं ऐकू येत नव्हतं.

"बगनारे हसतात," लवू म्हणाला. "समोर बसल्येत. आपल्यास दिसत नाय."

ही गोष्ट आम्हाला पहिल्यापासून बरी वाटली नाही. आपल्याच घरात आपण बसलोय, आणि न दिसणारं कोणी हसतंय.

पण मग लवू सांगायला लागला आणि आम्ही ऐकायला लागलो. पुढच्या रविवारपासून बायकाही आल्या. तो टीव्हीच्या बाजूला उभा राहायचा, ताट घेतल्यासारखा हात पोटाशी धरून, आणि गोरा बोलला की आमच्या बोलीत सांगायचा. त्यांची नावं घ्यायचा नाही, घरधनी आणि घरधनीण म्हणायचा. घरधनी म्हणतो, शेजारी फार चांगला माणूस. दार लागलं. घरधनी म्हणतो, त्याची गाडी उधारीची आहे. हसणं. घरधनीण पडद्याची कड उचलून रस्ता बघते. बाहेरून कोणी तिच्याकडे बघितलं की पडदा झटकायला लागते. हसणं. पाहुणे येणार म्हणून घरधनीण पुस्तकं भाड्याने आणून कपाटात लावते. त्यातलं एक पाहुणा हातात घेतो, तर आत दुसऱ्याचं नाव.

पहिले तीन रविवार आम्ही पोट धरून हसलो. एवढी हुशार माणसं, आणि बघा घरात कशी वागतात. येसूबाई म्हणून आमच्याकडे नव्वदीला आलेली म्हातारी होती. ती म्हणायची, "गोरा झाला म्हनून काय झाला, चूल सगल्यांच्या घरात काळीच."

चौथ्या रविवारी रावजीभाऊ आले. होणारे व्याही म्हणून सोनूबाईने त्यांना खुर्ची दिली, गंगूबाईला पाट दिला. मालन चहा करायला आत गेली. त्या दिवशीचं नाटक असं होतं. घरधन्याच्या घरी सभा आहे. दारू वाईट, ती गावातून हद्दपार करायची, यासाठी सभा. घरधनी अध्यक्ष. भाषण करता करता तो खोकतो. घरधनीण बाटली आणि चमचा घेऊन येते. घरधनी म्हणतो, डॉक्टरने सांगितलंय, तासाला एक. एक चमचा घेतो. भाषण. पुन्हा खोकला. आता तास झालेला नसतो, पाच मिनिटं झालेली असतात. पुन्हा चमचा. मग चमचा राहतो बाजूला. शेवटी घरधनी टेबलावर उभा राहून देवाचं गाणं म्हणतो आणि सभेतला एक साधा माणूस विचारतो, हे औषध मलाही मिळेल का?

न दिसणारी माणसं हसली. आमच्यातलं कोणी हसलं नाही. लवू मात्र शेवटपर्यंत सांगत राहिला. सांगताना त्याने रावजीभाऊंकडे बघितलंही नाही, कारण तो पडद्याकडे बघत होता. सव्वीस वर्षांची सवय. ताट वाढताना खुर्चीतल्या माणसाच्या तोंडाकडे बघायचं नसतं.

रावजीभाऊंना खोकला आला होता. त्यांनी तो गिळला. चहा न घेता उठले.

त्या संध्याकाळपासून वाडी बदलली. काढ्याबद्दल कोणी बोललं नाही, बोललं ते लवूबद्दल. त्या गोऱ्याने खरंच हेच म्हटलं कशावरून? जर्मन कोणाला कळतंय? रघूच्या मुंबईच्या मेव्हण्याला इंग्रजी येत होतं, त्याने कानांवर हात ठेवले. मग मागचे रविवार लोकांना आठवले. पडद्याची कड उचलणारी घरधनीण म्हणजे आपली बायको तर नव्हे? उधारीची गाडी म्हणजे माझी मोटरसायकल तर नव्हे? ज्या घरात त्याला जेवायला बोलावलं होतं त्या घराला वाटायला लागलं, टोपात डोकावला तेव्हा याने आणखी काय बघितलं? आणि नसेल बघितलं, तर सांगितलं कोणी? एका विहिरीवर पाणी भरणाऱ्या बायका एकमेकींना रस्ता देताना बिचकायला लागल्या.

रावजीभाऊंनी शोध रीतसर केला. पुढच्या रविवारी ते वही घेऊन आले.

"शिवलकर, मागच्या वेळचाच भाग पुन्हा लावा. मी शेवटाकडे लक्ष देऊ शकलो नाही."

"परत? बरा."

लवू सांगत गेला, रावजीभाऊ लिहीत गेले. त्याच्या पुढच्या रविवारी पुन्हा तोच भाग, पुन्हा लिहिणं. घरी त्यांनी दोन्ही पानं शेजारी शेजारी ठेवली. शब्दाला शब्द जुळला. दुसऱ्या कोणी म्हटलं असतं, माणूस खरं सांगतोय. रावजीभाऊंनी तीस वर्षं लोकांचे जबाब नकलून काढले होते. ते देवस्थान समितीत म्हणाले, "खऱ्या माणसाचे दोन जबाब कधी तंतोतंत जुळत नाहीत. जुळले म्हणजे पाठ केलेले आहेत." समितीला हे पटलं. खरं सांगायचं तर आम्हालाही पटलं.

मग गंगूबाईला सोनूबाईच्या परसात जायची बंदी झाली. आणि होळी झाल्यावर बाबल्या गुरव, देवळाचा पुजारी, निरोप घेऊन आला. लवूने देवीपुढे गाऱ्हाण्याला उभं राहून कबूल करायचं की जर्मन तसं काही बोलला नाही, ते त्याने मनाचं सांगितलं. कबूल केलं तर लग्न ठरल्या तारखेला. नाही केलं तर सुपारी परत.

सोनूबाई खांबाला टेकून खाली बसली. लवू सुपारी कातरायचं थांबला. मग त्याने पांढरा सदरा घातला आणि रावजीभाऊंकडे गेला. जाळीच्या बाहेरूनच बोलला.

"रावजीभाऊ, माझा आयका. ह्याच्यात माझा फायदा नाय, तुमचाच हाय. आता मी म्हनतंय, जर्मन बोलला. मंग ता घर जर्मनाचा. उद्या मी म्हटला, मीच बोललो, तर ता घर कोणाचा?"

"मला शब्दात पकडू नका, शिवलकर."

"पकडीत नाय. हात जोडून सांगतंय. मना लगीन होयला पायजे."

"मग देवीपुढे या."

पडदा सरकला. गंगूबाई पडद्याच्या मागे होती, तिने सगळं ऐकलं होतं.  तिला लवूचं म्हणणं कळलं होतं, असं ती पुढे कधीतरी येसूबाईकडे बोलली. पण नवऱ्याला कळत नसेल तेव्हा आपल्याला कळलंय हे दाखवू न देण्याची तिला सवय होती.

घरी मालन पडवीत वाट बघत होती.

"मामा, नाय बोलायचं खोटं. माझ्यासाठी तर नायच."

"तू बग, तुला तो मुलगा होवा का नको? खरा सांग."

 मालनने होकाराची मान हलवली.

"मंग झाला."

"तो तुमचा जर्मन असता तर त्याने काय केलं असतं?"

लवूने खाडीकडे बघितलं. ओहोटी लागली होती, होड्या चिखलात कलल्या होत्या. "तो खोटा बोलला असता," तो म्हणाला. "म्हनून तर त्याला हसतात."

चैत्रातल्या मंगळवारी सकाळी वाडी देवळात जमली. आमच्याकडे गाऱ्हाणं घालायची रीत अशी आहे की ज्याची तक्रार त्याने ती आपल्या तोंडाने, सगळ्यांसमोर, पुरी सांगायची. मग गुरव देवीच्या अंगाला ओल्या फुलांचे कळे लावतो. उजवा पडला तर देवीचा होकार, डावा पडला तर नकार. अर्धी तक्रार देवी ऐकत नाही. रावजीभाऊंनी कागद आणला होता. "सदर इसमाने दिनांक अमुक रोजी हेतुपुरस्सर…" एवढं त्यांनी वाचलं आणि बाबल्या गुरवाने हात वर केला.

"भाऊ, देवीला कागद चालत नाय. तोंडान सांगा."

"सगळ्यांना माहीत आहे."

"लोकांना म्हायत हाय. देवी रविवारी टीव्ही बगायला नवती."

मागे कोणीतरी फसकन हसलं. कोण ते दिसलं नाही. रावजीभाऊंनी मान वळवून बघितलं, सगळे गंभीर. मग त्यांना सांगावं लागलं. एक गृहस्थ, दारूबंदीचा अध्यक्ष. त्याला खोकला. त्याची बाटली. बाटलीत औषध म्हणून दारू. सांगताना त्यांचा आवाज बारीक होत गेला. हेडक्लार्कच्या तोंडून ते वाक्य देवळात पहिल्यांदा उच्चारलं गेलं होतं. इतकी वर्षं आम्ही सतरा घरांनी मिळून ते तोंडात धरून ठेवलं होतं.

"आनि ह्याच्यात तुमचा काय गेला?" बाबल्याने विचारलं. विचारायचीच रीत होती.

"लोक… लोकांचा गैरसमज होतो."

"बरा. आनि लवून कबूल केला तर?"

"तर लग्न ठरल्याप्रमाणे. देवीसमोर शब्द."

लवू पुढे झाला. चपला त्याने पायरीखाली व्यवस्थित जोडून ठेवल्या होत्या. हात पोटाशी धरले. एकदा त्याने रावजीभाऊंकडे बघितलं. अजून वेळ आहे, असं सांगितल्यासारखं. रावजीभाऊ देवीकडे बघत होते.

"जर्मन तसा बोलला नाय," लवू म्हणाला. "मी मनाचा सांगितला."

 बाहेर खाडीवर कोणाचं तरी इंजिन दोनदा खोकून बंद पडलं. आणि येसूबाई, नव्वद वर्षांची, कमरेत वाकलेली, भिंतीला पाठ लावून बसलेली, तिने अगदी मनापासून विचारलं,

"मंग ता घर कोणाचा रं, लवू?"

  सगळी डोकी एकाच बाजूला वळली. रावजीभाऊ खोकायला लागले, आणि खोकला थांबेना. गंगूबाईने मान वर केली नाही. तिचा हात कापडी पिशवीत गेला, बाटली निघाली, बूच निघालं, चमचा भरला आणि तिने तो त्यांच्या ओठांशी धरला. तीस वर्षांची सवय. भरल्या देवळात वास पसरला.

मग सगळे हसले. बाप्ये हसले, बायका पदर तोंडात घालून हसल्या, बाबल्या गुरव देवीकडे तोंड करून हसला, त्याचे खांदे हलत होते. हसलं कोण नाही म्हणाल तर तिघं. रावजीभाऊ, गंगूबाई, आणि लवू. लवूचा चेहरा तर असा झाला होता की त्याच्याच हातून ताट पडलंय.

कळे लावायची वेळच आली नाही. रावजीभाऊंचा शब्द मात्र देवीपुढे गेला होता, तो आता मागे घेता येत नव्हता. लग्न टिकलं. पण दुसऱ्या दिवशी समिती बसली. रावजीभाऊ अध्यक्षाच्या जागेवर नेहमीसारखे बसले, आणि काल देवळात हसलेलो आम्ही समोर नेहमीसारखे बसलो. ते म्हणाले, हा माणूस स्वतःच्या तोंडाने खोटा ठरलाय. देवीपुढे. असा माणूस नवरीचा मामा म्हणून बोहल्यापाशी उभा राहणं शोभेल का? लग्नाच्या दिवशी, लग्न लागेपर्यंत, त्याने वाडीत दिसू नये.

कोणीतरी बोलायला हवं होतं. कोणी बोललं नाही. तो तेव्हा खोटं बोलला की काल खोटं बोलला, हे नक्की कोण सांगणार? एकदा तर बोललाच ना? आम्ही माना डोलावल्या. त्या दिवसानंतर लवूने भरती चारला म्हटली तरी माणसं खाडी बघून यायला लागली. त्याच्या ते लक्षात आलं असावं. कारण त्यानंतर त्याने भरतीची वेळ सांगायचंच सोडलं. कॅसेटी त्याने पुन्हा वर्तमानपत्रात गुंडाळून ट्रंकेत ठेवल्या.

मालनला समितीचा ठराव कळला तेव्हा ती एवढंच म्हणाली, "मांडवाच्या पहिल्या खांबापर्यंत मला मामाच आणेल. नायतर मी उंबऱ्याबाहेर पाय टाकणार नाय." आत्मारामाने वडिलांना काय सांगितलं ते त्या घरालाच ठाऊक. पण तेवढं मान्य झालं.

वैशाखातली सकाळ. मांडव लवूच्याच घरापुढच्या खळ्यात घातला होता. खांबांना आंब्याचे डहाळे, माडाच्या झापांची सावली, भटजींचा आवाज. "मामा, नवरीला आणा," भटजींनी हाक दिली आणि लोक एकमेकांकडे बघायला लागले. लवू आतून आला. पांढरा सदरा, कडक इस्त्री. मालनचा हात त्याच्या हातात. मुंडावळ्यांतून तिला समोरचं जेमतेम दिसत होतं. घराच्या पायरीपासून पहिल्या खांबापर्यंत पंधरा पावलं असतील. दोघं ती इतकी हळू चालली की भटजींनी घड्याळ बघितलं.

खांबापाशी लवू थांबला. तिचा हात त्याने सोनूबाईच्या चुलत दिराच्या, गंगारामाच्या हातात दिला. मालन काहीतरी बोलली, ते वाजंत्र्यात कोणाला ऐकू आलं नाही. मग ती पुढे गेली आणि तिच्यासमोर अंतरपाट धरला गेला.

लवू वळला. मांडवाच्या बाजूने, माणसांच्या पाठीमागून, चुलीवर भाताची पातेली उकळत होती तिथून तो बाहेर पडला. वाडीच्या वाटेने रस्त्याला लागला. ऊन चढलं होतं. पुलाकडे चालणारा त्याचा पांढरा सदरा लांबूनही दिसत होता.

रावजीभाऊ तो खरंच गेला की नाही ते बघत होते. सदरा माडांच्या पलीकडे गेल्यावर त्यांनी खात्रीने मान वळवली. आम्ही काही जण बघत होतो आणि बघत नसल्यासारखं करत होतो. मंगलाष्टकं सुरू झाली, दर ओळीला अक्षता पडायला लागल्या. नवऱ्या मुलाच्या मागे गंगूबाई उभी होती. तिची मान रस्त्याकडे होती. सदरा पुलावर चढला, मध्यापर्यंत गेला, पलीकडच्या उतारावर कमरेपर्यंत राहिला, मग खांद्यापर्यंत, मग दिसेनासा झाला. इकडे शेवटचं मंगलाष्टक संपून टाळ्या पडल्या, ताशा वाजला, हार पडले. गंगूबाईच्या मुठीतल्या अक्षता तिच्या मुठीतच होत्या.